दुधातले शिंपले

दूध आणि मासोळी एका ताटात येऊ द्यायची नाही, हा आमच्या घरचा कायदा. मासोळीचा रस्सा झाला त्या रात्री कोणी दूध-भात मागायचा नाही. जेवणानंतर चहासुद्धा लगेच मिळत नाही. एखाद्या पाहुण्यानं चुकून दह्याची वाटी मागितलीच, तर माय ऐकू न आल्यासारखं करते. कारण गावातल्या शेंबड्या पोरालाही पाठ आहे: दुधावर मासोळी खाल्ली की अंगावर कोड फुटतं.

अशा घरात मी क्लॅम चाउडर रांधायचं ठरवलं. अमेरिकेच्या ईशान्य किनाऱ्यावरचा, न्यू इंग्लंडचा हा पदार्थ. शिंपल्यांचं मांस, आलू, कांदा, खारवलेलं डुकराचं मांस आणि वरून दूध नि साय. मायच्या हिशेबानं एका गंजात, म्हणजे पातेल्यात, जेवढे गुन्हे मावतील तेवढे सगळे.

माझी नि त्याची ओळख जहाजावरची. हॉटेल मॅनेजमेंट शिकून पर्यटकांच्या जहाजांवर रांधायला जाणारी पोरं आता आमच्या भंडारा जिल्ह्यातही सापडतात. त्यातलाच मी. समुद्र पाहिला तोच मुळी नोकरीला लागल्यावर. सप्टेंबर-ऑक्टोबरात जहाज बोस्टनहून वर कॅनडाकडे जायचं तेव्हा दुपारच्या जेवणात चाउडर ठरलेलं. वाफेवर चालणारी भलीमोठी कढई, डब्यातले चिरलेले शिंपले आणि हात सैल सोडून घातलेला मैदा. वाटीत चमचा उभा राहील असं ते व्हायचं आणि लोक तेच खरं समजून ओरपायचे. मला ते पतंगाच्या खळीसारखं लागायचं. पुढे बंदराजवळच्या एका खानावळीत घरगुती पद्धतीचं खाल्लं तेव्हा डोक्यात उजेड पडला. ते पातळसर होतं. वर लोण्याचे पिवळे ठिपके तरंगत होते, आणि दुधाच्या आत कुठंतरी समुद्राचं खारं पाणी होतं, जिभेच्या कडांना लागेल इतकंच.

दूध मात्र त्यात पहिल्यापासून नव्हतं. अमेरिकेत चाउडरची सगळ्यात जुनी छापील कृती बोस्टनच्या एका वर्तमानपत्रात १७५१ साली आली, तीही कवितेत. त्यात ना दूध, ना आलू, ना शिंपले. तळाशी कांदे घाला म्हणजे डुकराचं मांस करपणार नाही, कारण हे ढवळायचं नसतं. मग मासे, मग बिस्किटं, असे थरावर थर. सगळा ऐवज जहाजाच्या कोठारातला. महिनोन्महिने टिकणारं खारं मांस, दगडासारखी कडक बिस्किटं आणि त्या दिवशी गळाला लागलेली मासोळी. किनाऱ्यावर गाई होत्या, पुढे आलूही आले, तसं एकोणिसाव्या शतकात ते पांढरं होत गेलं. ऱ्होड आयलंडमध्ये अजूनही बिनदुधाचं, नितळ पाण्याचं करतात. न्यूयॉर्कच्या बाजूला टमाटर घालतात, त्याला मॅनहॅटन चाउडर म्हणतात आणि न्यू इंग्लंडची माणसं त्यावरून नाकं मुरडतात. नुसती मुरडत नाहीत. न्यू इंग्लंडमधल्याच मेन नावाच्या राज्याच्या विधिमंडळात १९३९ साली चाउडरमध्ये टमाटर घालण्यावर बंदी आणणारं विधेयक मांडलं गेलं होतं. सावजीत खोबरं किती, यावरून आपल्याकडे भावाभावांत बोलणं बंद होतं, पण विधानसभेपर्यंत कोणी गेलेलं नाही.

तर कोठारात असेल ते घालायचं, हा मूळ नियम असेल, तर माझं कोठार म्हणजे आमच्या गावचा तलाव.

झाडीपट्टीत, म्हणजे आमच्या पूर्व विदर्भात, तलावांना तोटा नाही. गोंड राजांच्या काळात कोहळी लोकांनी बांधलेले, पुढे मालगुजारांच्या, म्हणजे जमीनदारांच्या, नावावर चढलेले आणि १९५० च्या कायद्यानं मालगुजारी गेल्यावर सरकारजमा झालेले हे तलाव. कागदोपत्री माजी मालगुजारी, बोलण्यात मामा तलाव. दिवाळीपर्यंत धानाच्या बांध्यांना पाणी सुटतं, मग तलाव काठाकाठानं आत सरकतो आणि मऊ काळी गाळपेर मागे राहते. सकाळी लवकर गेलं तर त्या गाळात बोटानं ओढल्यासारख्या रेघा दिसतात, वाकड्यातिकड्या, हात-दोन हात लांब. रेघ जिथं संपते तिथं बोटं खुपसायची. शिंपला उभाच रुतलेला असतो, ओठ किंचित उघडा. आपली सावली पडली की मिटतो. बाहेरून काळपट हिरवा, झाडाच्या बुंध्यासारखी वर्षावर्षाची वलयं असलेला. आत फिकट गुलाबी झाक असलेली चकाकी.

गोड्या पाण्यातल्या या शिंपल्यांची पिल्लं जन्मल्यावर काही आठवडे माशांच्या कल्ल्यांना नि परांना चिकटून राहतात, मग गळून गाळात बसतात. मासोळीशिवाय शिंपला नाही. हे मी वाचलं होतं, आमच्या मच्छीमार सोसायटीतल्या ढिवरकाकांना सांगितलं तर ते म्हणाले, "त्यात नवल का? ज्या बोडीत मासोळी नाही तिथं शिंपले मी तरी पाह्यले नाही." काकांनीच शिंपले कुठून घ्यायचे नि कुठून नाही ते दाखवलं. शिंपला दिवसभर पाणी गाळत बसतो, त्यामुळे पाण्यात जे असेल ते त्याच्या अंगात साठतं. बांध्यांचं फवारणीचं पाणी जिथून उतरतं त्या कोपऱ्याचे घ्यायचे नाहीत. फवारणीच्या दिवसांत तर कुठलेच नाहीत. गावाच्या सांडपाण्याची नाली जिकडे येते तिकडे बघायचंसुद्धा नाही. हे मी कळकळीनं सांगतो, कारण कोडाची भीती घालणारं कोणीही या खऱ्या भीतीबद्दल बोलत नाही.

घरी आणून बादलीत स्वच्छ पाण्यात रात्रभर ठेवायचे, दोन-तीनदा पाणी बदलायचं. समुद्रातल्या शिंपल्यांना मिठाचं पाणी लागतं, लिटरला पस्तीस ग्रॅमच्या आसपास. आपले गोड्या पाण्यातले, त्यांना मीठ घातलं तर रेती टाकायच्या आधी जीव टाकतील. सकाळी प्रत्येकाला टिचकी मारायची. उघडा असून मिटला नाही तर फेकायचा. मग झाकणाच्या गंजात पेलाभर पाणी घालून वाफ द्यायची. टक् टक् असे आवाज येतात, एकेक शिंपला जांभई दिल्यागत उघडतो. सगळी खटपट झाल्यावरही जो मिटूनच राहिला तोही फेकायचा. मांस काढलं की आतली काळपट हिरवी पिशवी आणि झालरीसारखे कल्ले खरवडून टाकायचे, गाळाची चव तिथंच असते. उरतो तो पिवळसर पाय, चिवट. तो बारीक चिरायचा, आपण सांबार म्हणजे कोथिंबीर चिरतो इतका बारीक नाही, पण दाताला काम पडणार नाही इतका. गंजातलं पाणी सुती फडक्यातून गाळून ठेवायचं. ते फेकलं तर रांधण्यात अर्थ नाही.

इथं एक अडचण येते. समुद्रातल्या शिंपल्याच्या पोटात समुद्र असतो, तलावातल्याच्या पोटात तलाव. गाळलेलं पाणी फिक्कं, अळणी. समुद्र आणायचा कुठून? भंडाऱ्याहून तो किती लांब ते नकाशात बघा. पण विदर्भात समुद्र येतोच की, वाळून येतो! आठवडी बाजारात मिरच्यांच्या ढिगापलीकडे गोणपाटावर बसलेली बाई असते, तिच्यापुढे सुके झिंगे, बोंबील, सुकट. वास चार दुकानं आधीच सांगतो. मूठभर झिंगे तव्यावर कोरडे भाजले, डोकी-शेपट्या सुपलीत पाखडून टाकल्या आणि शिंपल्याच्या पाण्यात पंधरा मिनिटं उकळून गाळले, की खारेपणा नि तो खोल वास दोन्ही येतात. डुकराच्या मांसाची जागा याच खाऱ्या वासानं भरून निघाली. बाकी चरबी म्हणून लोणी. थाइम नावाचं जे वाळकं पान तिकडे घालतात त्याचा वास ज्या थायमॉलमुळे, तेच थायमॉल आपल्या ओव्यात असतं. चिमूटभर ओवा पुरे, जास्त झाला तर बाळंतिणीचा काढा होईल. तेजपान तर घरात असतंच.

एवढं सगळं होईस्तोवर माय ओट्यावर गप्प बसून होती. दुधाचं भांडं मी उचललं तशी उठली.

"दुधात शिंपले? तुले का भूत लागलं का?"

"माय, शिंपला मासोळी थोडीच आहे?"

"पान्यातलं सारंच मासोळी. पोरीचं लगन व्हाचं हाये अजून. अंगावर डाग दिसला त का सांगशीन लोकायले?"

याला उत्तर म्हणून मी चरक सांगू लागलो. चरकसंहितेचं मराठी भाषांतर मी तालुक्याच्या ग्रंथालयातून आणलं होतं, मुद्दाम याच भांडणासाठी. सूत्रस्थानाचा २६वा अध्याय. अध्यायाला नावच दोन माणसांचं आहे, आत्रेय आणि भद्रकाप्य. आत्रेय सांगतात, मासे दुधाबरोबर खाऊ नयेत. दोन्ही गोड, पण दूध थंड नि मासा उष्ण, म्हणून रक्त बिघडतं, शरीरातल्या वाटा तुंबतात. त्यावर भद्रकाप्य उठून म्हणतात, सगळे मासे दुधाबरोबर खुशाल खावेत, एक चिलिचिम तेवढा सोडून. आत्रेय म्हणतात, नाही, कुठलाच खाऊ नये आणि चिलिचिम तर मुळीच नाही. म्हणजे ज्या सभेत हा नियम ठरला त्या सभेतच एक माणूस विरोधात उभा होता, आणि नियम पुढे आला तसं त्याचं म्हणणंही लिहून ठेवलं गेलं. मला या ग्रंथाबद्दल जो आदर वाटतो तो यासाठी. चिलिचिमाचं वर्णनही आहे: खवले असलेला, डोळे लाल, अंगभर लाल रेघा, रोहूच्या आकाराचा, बहुधा जमिनीवर फिरणारा. ढिवरकाकांना ते ऐकवलं तर म्हणाले, जमिनीवर फिरते ती मरळ, पण ती रोहूसारखी दिसते म्हणणाऱ्यानं मरळ पाहिली नसन.

त्या अध्यायाच्या शेवटी विरुद्ध आहारानं होणाऱ्या रोगांची यादी आहे, तीत किलास म्हणजे कोडही आहे. मायच्या बाजूनं हे मान्य करायलाच हवं. पण त्याच अध्यायात दुधाशी विरुद्ध म्हणून जी फळं सांगितली त्यांत आंबा, फणस, नारळ आणि केळं आहे. शिकरण खाणाऱ्या, आंब्याच्या रसात दूध घालणाऱ्या महाराष्ट्रानं त्यातला फक्त मासा तेवढा लक्षात ठेवला. कोड होतं ते शरीराच्या स्वतःच्या प्रतिकारशक्तीनं त्वचेतल्या रंग तयार करणाऱ्या पेशी मारल्यामुळे. दुधानं नाही, मासोळीनं नाही, दोन्ही मिळूनही नाही, आणि एकाचं दुसऱ्याला लागतही नाही. बंगाली माणसं दह्यात मासा शिजवतात, बोस्टनची दुधात शिंपले. शिंपल्यांची ॲलर्जी मात्र खरी असते, काहींना दूध पचत नाही हेही खरं. आणि बर्फ नसलेल्या काळात, आमच्या उन्हात, घरातल्या सगळ्यात लवकर नासणाऱ्या दोन गोष्टी एकत्र खाऊ नका म्हणणारा कोणी शहाणाच असणार, असा माझा आपला अंदाज आहे.

हे सगळं मी मायला सांगितलं आणि तिच्यावर त्याचा काडीचा परिणाम झाला नाही. व्हायचा नव्हताच. तिच्याकडे पुस्तक नव्हतं, पण आत्या होती.

माझ्या मोठ्या आत्याला ऐन विशीत कोड आलं. आधी बोटांच्या पेरांवर, मग ओठाच्या कोपऱ्यात. आजोबा वारकरी, घर माळकरी. आत्याच्या गळ्यात नवव्या-दहाव्या वर्षीच माळ पडलेली. तिनं मासोळी कधी तोंडाला लावली नाही, अंडंही नाही. तरी सासरची माणसं येऊन बसली तेव्हा पहिला प्रश्न हाच: लहानपणी काय खाऊ घातलं होतं पोरीला? आजीनं देव्हाऱ्यापुढे हात ठेवून शपथ घेतली, की आमच्या चुलीवर मासोळी चढलेली नाही. त्यांनी विश्वास ठेवला नाही, कारण डाग समोर दिसत होता, आणि डाग आहे म्हणजे खाल्लंच असणार. आत्या माहेरी आली ती कायमची. पोरांनी तिच्या हातचं पाणी प्यावं की नाही यावरसुद्धा शेजारी सल्ले द्यायचे. आजोबा गेल्यावर घरात माळ सुटली, मासोळी आली. ती घरात आली तशी हा कायदाही आला. आत्याच्या देखत तो रोज कोणीतरी म्हणून दाखवायचं. मासोळी न खाता जिला कोड आलं तिच्यासमोर, मासोळीनं कोड येतं म्हणून.

मला चीड येते ती याची. रोगाचं कारण कळत नाही, ठीक. कळत नसताना ते माणसाच्या ताटात शोधायचं आणि एकदा ताटात शोधलं की त्या माणसालाच, नाही तर त्याच्या आईला, जाब विचारायचा. काय खाल्लंस? काय खाऊ घातलंस? जहाजावर माझ्याबरोबर केरळचा एक आचारी होता, हातभर कोड असलेला. तो पाहुण्यांसमोर उभा राहून रांधायचा आणि कोणी पापणी हलवत नव्हतं. मला आत्या आठवायची.

आणि गंमत बघा. आमच्याच घरात, आमच्याच पाळण्याशी, तान्ह्या बाळाला दूध पाजायला काय वापरलं? शिंपलाच. घासून घासून कडा गुळगुळीत केलेला, तलावातलाच. माझ्या पोरीचं वरचं दूध त्याच शिंपल्यातून तिच्या तोंडात गेलं, मायच्याच हातानं. हे मी तिला म्हणालो तर म्हणाली, "तो धुतलेला होता."

पुढचं रांधणं फार नाही. जाड बुडाच्या गंजात लोणी, त्यात दोन कांदे मंद आचेवर मऊ होईस्तोवर. लाल होऊ द्यायचे नाहीत. ओवा, तेजपान. तीन मध्यम आलूंच्या बारक्या फोडी. शिंपले-झिंग्यांचं गाळलेलं पाणी फोडी बुडतील इतकं. आलू शिजले की चार-सहा फोडी सराट्यानं गंजातच ठेचायच्या. दाटपणासाठी मैद्याऐवजी मी शिंगाड्याचं पीठ वापरतो, दोन चमचे, थंड दुधात कालवून. तेही याच तलावाचं, काकांच्याच वाड्यातलं. दूध अर्धा लिटर, वेगळं गरम केलेलं. इथं मात्र घाई नको. उकळत्या गंजात दूध ओतलं किंवा मीठ आधी घातलं की ते फाटण्याचा धोका वाढतो. पिठाचा स्टार्च दुधातल्या प्रथिनांना एकमेकांना चिकटू देत नाही म्हणून पीठ आधी, दूध नंतर, आणि गंज चुलीच्या कडेला ओढून. वाफ यायला हवी, बुडबुडा नाही. अर्धी वाटी साय फेटून. शिंपले अगदी शेवटी, दोन मिनिटं, नाही तर चपलेच्या तळव्याशी गाठ. मीठ चाखून मग. मिरेपूड.

दूध ओतायच्या वेळी माझ्या हातून भांडं मायनं घेतलं. शिंपल्यांना तिचा विरोध होता, पण दूध फाटू देणं तिच्या रक्तात नाही. "आच काढ. अजून काढ," म्हणत तिनं धार धरली, पातळ, गोल फिरवत. मी जहाजावर वर्षानुवर्षं जे थर्मामीटर लावून केलं ते तिनं गंजाच्या कडेला बोट टेकवून केलं.

डिसेंबरची रात्र होती. आमच्याकडे तेव्हा थंडी दातावर दात वाजवते. बायकोनं दोन वाट्या खाल्ल्या, पोरीनं टोस्ट बुडवून खाल्लं. शेजारच्या भावानं वाटी नाकाशी नेली, थोडं चाखलं आणि विचारलं, तर्री कुठाय? त्याला लाल तेल दिसल्याशिवाय जेवण सुरू झाल्यासारखं वाटत नाही. मी वरून लसणाची फोडणी घालून दिली. न्यू इंग्लंडच्या लोकांना कळलं तर दुसरं विधेयक आणतील. पण त्यानं वाटी चाटूनपुसून खाल्ली, आणि पुढे कितीतरी दिवस आपल्या बायकोला हात दाखवून विचारत होता, इथं पांढरं दिसते का गं?

मायनं खाल्लं नाही. पण दुसऱ्या दिवशी दुपारी मी बांधीवरून आलो तेव्हा गंजात काहीतरी पांढरं शिजत होतं. आलू, दूध, साय, शिंगाड्याचं पीठ. कांद्याऐवजी जिरं, ओव्याऐवजी हिरवी मिरची, मिठाऐवजी सैंधव. शिंपले नाहीत, झिंगे नाहीत. तेव्हा माझ्या ध्यानात आलं की या पदार्थातून शिंपले, झिंगे आणि कांदा काढला तर उरतं ते जवळजवळ सगळं उपासाला चालतं. आता एकादशीला तेच होतं. आत्या दोन वाट्या घेते. देवळात बायकांनी विचारलं, हे कुठं शिकली वो, तर माय सांगते, "पोरानं जहाजावून आनली, उपासाची खीर हाये ते."